अंगठाबहाद्दर

वजनमापं खात्यात माझं वजन आहे. हे मी स्वतः सांगतोय म्हणून शंका घेऊ नका. बाजारातल्या कुठल्याही दुकानदाराला विचारा. मी दुकानाची पायरी चढलो की पारड्याखाली चिकटवलेलं चुंबक आपोआप गळून पडतं, असं आमचे साहेब एकदा एका निरोपसमारंभात म्हणाले होते. समारंभ दुसऱ्याचा होता, पण वाक्य माझ्याबद्दलचं होतं. घरात मात्र या वजनाचा काटा शून्यावरून हलत नाही. याला कारण बायको, असं मी म्हणणार नाही, कारण ती हे वाचणार आहे.

तर झालं असं, की माझ्या मेहुण्यानं माझ्या बायकोला अंगठा दाखवला.

म्हणजे अक्षरशः. सासूबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं, तेव्हा बायकोनं भावाला फोनवर लांबलचक मेसेज लिहिला. भूल कशी दिली, आत किती वेळ लागला, आई शुद्धीवर आल्यावर पहिलं काय बोलली, सगळं. दवाखान्याच्या बाकावर बसून, डोळे पुसत पुसत लिहिला. मी शेजारीच होतो, दोन ठिकाणी शुद्धलेखन सुधारायला गेलो आणि माझ्या हातावर चापट बसली. तर या एवढ्या मजकुराला मेहुण्याचं उत्तर काय, तर एक पिवळा अंगठा. पुढे नाही, मागे नाही. नुसता अंगठा.

"माझ्या सख्ख्या भावानं मला अंगठा दाखवला," बायको म्हणाली, आणि त्या दिवसापासून तिनं त्याच्याशी बोलणं टाकलं. ती बोलत नाही म्हणून तोही बोलेना. हट्टाच्या बाबतीत त्या घराण्याचं माप पूर्ण भरतं, तिथे मला शिक्का मारायला काही अडचण नाही.

मेहुण्याचं घरातलं नाव बारक्या. आज तो दारातून येताना मान तिरकी करतो आणि खुर्चीत बसण्याआधी खुर्चीकडे काळजीनं बघतो, एका विमा कंपनीत मोठा अधिकारी आहे, पण लहानपणी पडलेलं नाव असं सुटत नाही. ऑपरेशननंतर सासूबाई विश्रांतीला आमच्याकडे आल्या, तेव्हा बारक्या त्यांना भेटायला येऊन गेला. त्या सबंध भेटीत बहीणभाऊ माझ्यामार्फत बोलले.

"अहो, त्याला विचारा, साखर चालते का."

बारक्या माझ्या मांडीला मांडी लावून बसलेला. "भाऊजी, सांगा, चालते."

"चालते म्हणतोय," मी म्हणालो.

"ऐकलं मी. बहिरी नाही झाले अजून." हे मला.

जेवायला तिनं त्याला गरम गरम वाढलं, आग्रहानं वाढलं, पण मान वर करून एकदा बघितलं नाही की एक शब्द बोलली नाही. तोही खाली मान घालून जेवला आणि गेला. तो गेल्यावर सासूबाईंनी मला जवळ बोलावलं.

"जावईबापू, माझा गुडघा वाकेल हो. डॉक्टर म्हणालेत, रोज व्यायाम केला की वाकेल. ही दोघं कधी वाकायची?" त्यांचे डोळे भरून आले. "माझ्यामुळं झालं हे. नसतं केलं ऑपरेशन तर काय, लंगडत राहिले असते. आता त्याची बदली झालीय त्या तिकडच्या टोकाला. जायच्या आधी रविवारी येणार आहे. त्या दिवशी बोलली तर बोलली, नाहीतर मी मेल्यावरच भेटतील, आणि तेव्हाही मधे तुम्हाला उभं करतील."

मला खरोखर वाईट वाटलं. सासूबाईंनी आजवर माझ्याकडे काही मागितलं नव्हतं. मी छाती पुढे काढून म्हणालो, "रविवारी बोलतील. ते माझ्याकडं लागलं." हे वाक्य तोंडातून बाहेर पडल्यावर माझ्या लक्षात आलं, की कसं ते मला माहीत नाही.

उपाय सासूबाईंनीच काढला. त्यांची नजर शोकेसकडे गेली. तिथे तळहाताएवढा एक खेळण्याचा डबा होता. पूर्वी टीव्हीला जोडून गेम खेळायचं जे यंत्र मिळायचं, त्याचं हे चिमुकलं पिल्लू. हुबेहूब तसंच, फक्त कॅसेट घालायचं झाकण नुसतं शोभेचं. गेम आतच भरून येतात. माझ्या वाढदिवसाला बारक्यानंच दिला होता. मी तो आजवर लावला नव्हता. त्याच्यावर कंपनीचं सील होतं आणि सील असलेल्या वस्तूबद्दल मला आदर वाटतो.

"असलंच होतं यांचं मोठं," सासूबाई म्हणाल्या. "कितीही भांडली तरी त्याच्यापुढं एकत्र बसायची. आत्याबाईचा गेम लावायची. वरच्या खिडकीतून कुणीतरी भांडी फेकतं आणि खाली एक बाई ती ओच्यात झेलत इकडून तिकडं पळते. दोघांनी मिळून खेळायचा. ही म्हणायची ती आत्या आहे. तो म्हणायचा, आत्या कुठली, काका आहे, मिशा बघ. ही म्हणायची मिशा नाहीत, ते तोंड आहे. दुपार दुपार वाद! पण जावईबापू, बोलून भांडायची हो. न बोलता भांडायला ही आत्ता शिकलीत, मोठी झाल्यावर."

आत्याबाईला मिशा असत्या तर काका म्हटलं असतं, ही म्हण मी शाळेत पाठ केली होती. तिच्यावरून प्रत्यक्षात घरं पेटू शकतात हे मला माहीत नव्हतं. डब्यावरची गेमची नावं वाचली. आत्या नव्हती, काकाही नव्हता. म्हणजे तो गेम बाहेरून आणून या डब्यात भरायचा, बायकोला कळू न देता, आणि तोही रविवारच्या आत. त्यात काय एवढं, असं मी म्हणालो. माझ्या आयुष्यातल्या सगळ्या संकटांची सुरुवात याच तीन शब्दांनी झालेली आहे.

पहिली अडचण नावाची. कॅसेटवर काय नाव होतं ते सासूबाईंना माहीत नव्हतं, आणि बायकोला विचारायची सोय नव्हती. मी कॉम्प्युटरवर 'आत्याबाई भांडी झेलते' असं लिहून शोधलं. त्या क्षणापासून मला स्टीलच्या भांड्यांच्या जाहिराती येऊ लागल्या, त्या अजून येतात. शेवटी इमारतीच्या सचिवांना गाठलं. त्यांच्याकडे गेलं की प्रश्न सुटत नाही, पण तो नोंदला जातो.

"नवीन काही बसवणार असाल तर अर्ज लागेल," ते म्हणाले. "वायरिंगवर भार येतो."

"तळहाताएवढा डबा आहे हो."

"मग अर्जही छोटा द्या."

मी सरकारी माणूस. अर्ज द्या म्हटलं की माझा हात आपोआप चालतो. 'विषय : आत्याबाई बसवण्याबाबत' असं मी सुवाच्य अक्षरात लिहिलं आणि सचिवांनी तो अर्ज, नियमानुसार, जिन्याखालच्या फलकावर लावला. दुसऱ्या दिवशी इमारतीत ज्याच्या त्याच्या तोंडी आत्याबाई. कुणी विचारलं, पुतळा आहे का. कुणी म्हणालं, वयस्कर बाई आहेत तर तळमजल्यावर बसवा, जिना झेपायचा नाही. सचिवांचं लेखी उत्तर आलं, की सदर आत्याबाई महिन्यापेक्षा जास्त राहणार असल्यास पाण्याचा आकार वाढेल.

संध्याकाळी बायको भाजी घेऊन वर आली ती तशीच माझ्यासमोर उभी राहिली.

"कुणाची आत्या येतेय आपल्याकडं?"

"माझी," मी म्हणालो. "येणार होती. आता नाही येत."

"तुम्हाला आत्या नाहीये."

"म्हणूनच नाही येत."

तिनं माझ्या कपाळाला हात लावून बघितला आणि आत गेली. सासूबाई चादरीत तोंड खुपसून हसत होत्या. ऑपरेशननंतर त्या पहिल्यांदा हसल्या, एवढं माझ्या खाती जमा धरा.

खालच्या मजल्यावर होमिओपॅथीचे डॉक्टर राहतात. साध्या सर्दीचं औषध द्यायचं तरी तुम्ही लहानपणी अंधाराला भ्यायचात का, इथून त्यांची चौकशी सुरू होते. फलक वाचून ते स्वतःच वर आले, आणि मी खरं काय ते सांगितल्यावर त्यांच्या चेहऱ्यावर असा आनंद पसरला, की जणू एखादा जुनाट रोगी हाती लागला.

"बाईंना घाम येतो का?"

"डॉक्टर, ती गेममधली बाई आहे."

"तेच विचारतोय. भांडं सुटलं की कपाळावरून थेंब उडतात का?"

मी आत जाऊन सासूबाईंना विचारून आलो. "उडतात."

"चाल कशी आहे? ठाम की तुरुतुरु?"

पुन्हा आत. "तुरुतुरु."

"उजवीकडं जाताना जास्त त्रास होतो की डावीकडं?"

"डावीकडं पाय घसरतो म्हणतायत."

डॉक्टरांनी डोळे मिटले. "सापडली. पण ती बाई नाही. आमच्याकडं तिला 'कारकून' म्हणायचे. फाईली झेलतो." त्या गेमच्या कंपनीचं कधीच दिवाळं वाजलेलं होतं आणि तिच्या जुन्या मालकानं आपले गेम लोकांना फुकट वाटायला ठेवले होते, हेही त्यांना ठाऊक होतं. त्यांच्या गोळ्यांच्या कपाटात खालच्या कप्प्यात जुन्या गेमचा संग्रह असतो, हे मला त्या दिवशी कळलं. रोग्यांना थांबवून ठेवतात ते तपासणीसाठी, असं मी इतकी वर्षं समजत होतो.

गेम कॉम्प्युटरवर उतरला. आता तो वायरीनं डब्यात ढकलायचा, बस. पद्धत अशी, की डब्याचं एक बटण दाबून धरायचं, ते धरूनच दुसरं बटण सुरू करायचं, आणि त्याच वेळी कॉम्प्युटरवर 'पुढे' म्हणायचं. देवानं मला हात दोनच दिलेले. बायको बाजारात गेल्याची संधी साधून मी सासूबाईंची मदत घेतली. त्यांना खुर्चीतून उठायची मनाई, म्हणून त्यांनी हातातल्या काठीच्या टोकानं बटण दाबायचं ठरलं.

"दाबू?"

"थांबा, अजून नाही."

"दाबलं बघा."

"अहो थांबा म्हणालो ना!"

"मग सोडू?"

बराच वेळ हे चाललं. काठी एकदा डब्यावर, एकदा माझ्या बोटांवर आणि एकदा कॉम्प्युटरच्या अशा एका बटणावर पडली, की पडदा आडवा झाला आणि पुढचं सगळं मला मान वाकडी करून वाचावं लागलं. डबा काही कॉम्प्युटरला दिसेना. दिवा लागायचा, पण ओळख नाही. आत काहीतरी सुटलं असणार असा मी निष्कर्ष काढला आणि स्क्रू-ड्रायव्हर आणला.

इथे मी एक क्षण थबकलो, हे नमूद करावं. डब्याच्या तळाशी कंपनीचं सील होतं. सील तोडलेल्या वस्तूचा मी पंचनामा करतो. 'आपोआप निघालं साहेब' म्हणणाऱ्या दुकानदारांकडे मी ज्या नजरेनं बघतो, ती नजर आरशात सराव करून कमावलेली आहे. तरी मी ते सील तोडलं. सासूबाईंनी मान दुसरीकडे वळवली, कदाचित सहज वळवली असेल, पण मला लागलं.

आत बघण्यासारखं काही नव्हतं. एक हिरवी पट्टी आणि बरीचशी हवा. डब्याच्या मानानं आतला माल फारच कमी भरला आणि माझ्यातला अधिकारी जागा झाला. मी लगेच कंपनीला नोटीस लिहायला घेतली. सासूबाई म्हणाल्या, "जावईबापू, आधी आत्या." मी डबा पुन्हा बंद केला. एक स्क्रू उरला.

कंपनीच्या दुरुस्ती केंद्रात काऊंटरवर एक तरुण बाई होत्या. त्यांनी डबा हातात घेतला, उलटा केला आणि शांतपणे परत ठेवला.

"सील तुटलंय."

"आपोआप निघालं," मी म्हणालो.

हे शब्द माझ्याच तोंडून निघाले यावर माझा विश्वास बसेना. बाईंचा मात्र बसलेला दिसला, कारण त्या हसल्या.

"सील हे विश्वासाचं असतं. ते तुटलं की आत काय होतं आणि काय नव्हतं हे कुणी सांगायचं?"

वाक्य ओळखीचं वाटलं. वाटणारच, माझंच होतं. मी ते दुकानोदुकानी ऐकवतो. तरीही मी अवसान आणून म्हणालो, "मी कोण आहे, कल्पना आहे का तुम्हाला?"

"आहे ना. आमच्या बाबांचं चौकात किराणा दुकान आहे. तुम्ही आला होतात त्या दिवशी मी गल्ल्यावर बसले होते. हे वाक्य बाबांनी घरी पाठ करून घेतलंय आमच्याकडून."

लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण, हे मी आजवर दुसऱ्यांच्या बाबतीत म्हणत आलो होतो. डबा पिशवीत घालून घरी येताना मी चौकातून आलो नाही, मागच्या गल्लीतून आलो.

दोष कुठे होता ते डॉक्टरांना कळलं. त्यांनी माझी वायर दोन बोटांत धरून नाडी बघावी तशी बघितली.

"ही नुसती वीज देणारी वायर आहे. हिच्यातून निरोप जात नाही. वायर दोन प्रकारच्या असतात, एक नुसतं खायला घालते आणि एक बोलतेसुद्धा."

मला काय आठवलं असेल ते सांगायला नको. गरम गरम वाढणारी आणि मान वर न करणारी वायर माझ्या स्वयंपाकघरातच होती. एवढ्या साध्या गोष्टीसाठी मी सील तोडलं, अब्रू घालवली आणि इमारतीला आत्याबाईंची वाट बघायला लावलं होतं.

डॉक्टरांनी आपली बोलणारी वायर दिली. कॉम्प्युटरला डबा दिसला, सासूबाईंनी काठी वेळेवर उचलली आणि आत्याबाई आत गेल्या. इथे थांबलो असतो तर ही कथा सुखान्त झाली असती. पण डब्यात जागा उरली होती, आणि अपुरं भरलेलं माप बघवत नाही हा माझा व्यावसायिक आजार. डॉक्टरांनी कप्प्यातला आपला सगळा संग्रह पुढे केला. "घ्या की, साखरेच्याच गोळ्या आहेत. अपाय नाही." मी काठोकाठ भरलं. त्याचा परिणाम असा झाला, की डब्यातल्या गेमची चित्रं उडाली, नावं कुठल्यातरी अगम्य लिपीत गेली, आणि टीव्हीवर नुसत्या रिकाम्या चौकटींची रांग दिसू लागली. सगळ्या सारख्या. आत्याबाई त्यांतल्या कुठल्यातरी एकीत दडून बसल्या होत्या. तोवर रविवार उजाडला.

बारक्या आला. आईच्या पाया पडला, माझ्याशी हात मिळवला आणि बहिणीकडे बघून भिंतीवरच्या घड्याळाला नमस्कार केल्यासारखी मान हलवली.

"अहो, विचारा त्याला, सामान बांधून झालं का."

"भाऊजी, झालं म्हणावं."

"झालं म्हणतोय," मी म्हणालो, आणि घाईघाईनं टीव्ही लावला. "बरं का, गंमत दाखवतो."

पहिली चौकट उघडली, त्यात मासे. दुसरीत घोडे. तिसरीत एक माणूस विटा रचत होता, त्याला बंदच करता येईना. अर्धी भिंत होईपर्यंत आम्ही सगळे गंभीरपणे बघत बसलो. बायकोच्या चेहऱ्यावरून, हा माणूस भाऊ निघून जाण्याच्या दिवशी हे काय करतोय, असं स्पष्ट वाचता येत होतं. बारक्यानं वाकून डब्याकडे बघितलं.

"भाऊजी, हा मी दिलेलाच ना? खालून सैल का आहे? आणि आत काय वाजतंय?"

"स्क्रू," मी म्हणालो. उरलेला स्क्रू हरवू नये म्हणून मी आतच टाकला होता.

सासूबाई खुर्चीत काठी घट्ट धरून बसल्या होत्या. नुसत्या माझ्याकडे बघत होत्या, आणि त्या नजरेत अजून थोडा विश्वास उरलेला दिसला. मी डोळे मिटून आणखी एक चौकट दाबली.

एक किरटी, उड्या मारणारी चाल वाजायला लागली. वरची खिडकी उघडली. पहिलं भांडं सुटलं.

"आत्या!" बायको ओरडली.

"काका!" बारक्या ओरडला.

आणि त्याच क्षणी चित्र गोठलं. भांडं हवेत, खालची आकृती हवेत, चाल एकाच सुरावर अडकून कुंई करत राहिली. मी वायर बघायला उठलो. पण माझ्या आधी ती दोघं उठली होती. दोन पन्नाशीला टेकलेली माणसं जमिनीवर गुडघे टेकून एकाच वेळी त्या डब्यावर झेपावली आणि शोभेचं झाकण उघडून, त्यात कॅसेट नाही, कधी नव्हती, हे लक्षात न घेता, गाल फुगवून फुंकर मारू लागली. दोन डोकी एकमेकांवर आदळली.

"आई गं! बारक्या, तुझं डोकं आहे का दगड!"

"तू सरक ना ताई! डावीकडून फुंकायचं असतं, तुला कधी येत नव्हतं!"

"मला येत नव्हतं? कॅसेटमध्ये थुंकायचास तू! आईनं मारलेलं आठवतंय ना?"

मी हळूच वायर हलवली आणि गेम पुढे सुरू झाला. श्रेय फुंकरीला गेलं. मी हरकत घेतली नाही, कारण घेतली असती तरी ऐकायला कुणी नव्हतं. दोघांच्या हातात रिमोट, दोघांचे अंगठे चालू, नजर पडद्यावर. डावीकडं धर, अगं पातेलं बघ, अरे ताट गेलं, बावळट.

खेळता खेळता, पडद्यावरची नजर न काढता, बारक्या म्हणाला, "ताई, तुझा मेसेज आला तेव्हा मी ऑफिसात जिन्यात उभा राहून वाचला. आई आत, तू एकटी बाकावर, आणि मी तिथं. इतकं रडू आलं की काही लिहिताच येईना. डोळ्यांना अक्षरंच दिसेनात. अंगठा सापडला तो दाबला."

बायकोच्या हातून दोन भांडी फुटली.

"मग तसं लिहायचं ना, गाढवा," ती म्हणाली. आवाज फुटला होता. "रडतोय, एवढं एक अक्षर. मी रात्रंदिवस म्हणत होते, याला आईची काही पडलेली नाही."

"धर, धर, परात येतेय," तो नाक पुसत म्हणाला.

मलाही भरून आलं. सासूबाईंनी डोळे टिपले, मग चेहरा वाकडा करून गुडघ्यावर हात ठेवला. "अगं बाई, दुखतोय की हा! इतके दिवस माझं लक्षच नव्हतं."

आता ही जागा माझ्या कौतुकाची, असं समजून मी घसा खाकरला. तेवढ्यात पडद्यावरची ती आकृती नेहमीच्या जागेवरून अगदी पुढे आली, विजयानं नाचली, आणि आमच्या मोठ्या टीव्हीवर सगळ्यांना पहिल्यांदाच स्पष्ट दिसली. ती आत्या नव्हती. काका नव्हता. कारकूनही नव्हता. तो एप्रन बांधलेला पेंग्विन होता. मिशा म्हणजे चोच.

बहीणभावांनी एकमेकांकडे बघितलं, आणि मग दोघांनी मिळून माझ्याकडे.

"भाऊजी, हे तुम्ही काय भरलंय?"

"आमच्या गेममध्ये पेंग्विन नव्हता," बायको म्हणाली. "हा दुसराच आहे. अहो, एक गोष्ट धड आणता येऊ नये?"

"ताई, आपली आत्या कशी होती!"

"होती ना! आणि तुझा काका!"

वड्याचं तेल वांग्यावर काढतात हे ऐकलं होतं, आज वांगं होऊन बघितलं. मी सासूबाईंकडे आशेनं पाहिलं. त्या लगेच दुसऱ्या बाजूला वळून म्हणाल्या, "मी म्हणाले होते त्यांना, नीट बघून आणा."

बारक्या गाडीत बसताना दोघं खाली एवढा वेळ बोलत उभी होती, की सचिवांनी गाडी हलवायची सूचना केली. परत आल्यावर बायकोनं शोकेस पुसली. तिथे डबा नव्हता.

"त्याला देऊन टाकला," ती म्हणाली. "तिकडं एकटा काय करेल बिचारा? तुम्ही कुठं खेळता? आणि त्याला म्हटलंय, एक स्क्रू घेऊन बसवून घे."

हे मात्र फार झालं. डबा माझा, वाढदिवस माझा, तुटलेलं सील आणि गेलेली अब्रूही माझीच. मी बाहेरच्या खोलीत बसून घरच्या ग्रुपवर सविस्तर मेसेज लिहिला. आत्याबाईंचा शोध, अर्ज, वायर, दुरुस्ती केंद्रातला अपमान, सगळं क्रमवार. शेवटी, भेटवस्तू परत नेण्याच्या प्रथेबद्दल दोन सौम्य शब्द आणि डबा परत मिळावा ही नम्र विनंती. शुद्धलेखन दोनदा तपासलं आणि पाठवला.

बारक्याचं उत्तर लगेच आलं. पिवळा अंगठा. मग स्वयंपाकघरातून बायकोच्या फोनचा आवाज झाला आणि दुसरा अंगठा आला. मी वाट बघत राहिलो. आतल्या खोलीत सासूबाई लेकीला विचारत होत्या, "हे कुठं दाबायचं गं? हे पिवळं?" आणि थोड्या वेळानं तिसराही आला.